कल्पित जगातील उजळणारे खनिज वारंवार का फसते: लक्षणे, तपास आणि दुरुस्ती

अद्भुतकथेसाठी स्वतंत्र जग रचताना अंधारात उजळणारे, अर्धे दगड आणि अर्धे जिवंत असे एखादे खनिज आणावेसे वाटणे अगदी स्वाभाविक आहे, आणि पहिल्या दोन-तीन प्रकरणांत ते छान वठतेही. कथा लांबली की मात्र तेच खनिज पुन्हा पुन्हा अडचणीत आणू लागते, आणि एक भोक बुजवले की दुसरीकडे नवे भोक पडते. माझ्या लेखनात हा दोष चार प्रकरणांत निघाला. तो मुळापासून काढायला मला बराच काळ लागला. ज्यांचे लेखन याच ठिकाणी अडले आहे त्यांच्यासाठी तो तपास येथे सविस्तर मांडत आहे.

माझ्या कथेतील खोऱ्याचे नाव आडदरी आणि तेथील खनिजाचे नाव जागल. रात्री शेताची राखण करायला जाणे म्हणजे जागलीला जाणे. रात्रभर जागा राहणारा दगड म्हणून आडदरीच्या लोकांनी त्याला हे नाव दिले आहे. आता लक्षणे पाहू. पाचव्या प्रकरणात तीनशे वर्षे बुजलेली गुहा उघडते आणि आतली जागल लख्ख उजळलेली असते. नवव्या प्रकरणात नातीने कनवटीला लावलेला जागलीचा खडा दुसऱ्याच रात्री विझतो. अकराव्या प्रकरणात पेटत्या मशाली घेऊन शिरलेल्या सैनिकांना भिंतींवरचा हिरवा उजेड दुरूनच दिसतो. चौदाव्या प्रकरणात एक मोठा खडा फोडून त्याचे शंभर तुकडे शंभर घरांत वाटले जातात आणि प्रत्येक तुकडा मूळ खड्याच्याच तेजाने उजळतो. यांतील प्रत्येक प्रसंग स्वतंत्रपणे वाचला तर पटतो; चारही एकत्र ठेवले की एकही टिकत नाही.

मी केलेल्या दुरुस्त्याही सांगितल्या पाहिजेत, कारण बहुतेक जण याच वाटेने जातात. गुहेसाठी मी एक वरदान आणले, विझलेल्या खड्यासाठी माणसाच्या स्पर्शाचा दोष आणला, आणि शंभर तुकड्यांसाठी एक मंत्र. प्रत्येक नियम एका प्रकरणापुरता होता, त्यामुळे प्रत्येकाने दुसरे एखादे प्रकरण मोडले: स्पर्शाने खडा विझत असेल, तर आजी रोज संध्याकाळी तो हातात घेऊन कोनाड्यात कसा ठेवते? दोष नियमांच्या संख्येत नव्हता, कारण नियम आणखी वाढवून तो गेलाच नाही. जागल काय खाते, हे मी कधी ठरवलेच नव्हते. अर्धवट का होईना, ती जिवंत आहे असे एकदा म्हटले की तिला भूक आहे हे ओघानेच आले, आणि तिचा उजेड म्हणजे त्या भुकेचा जमाखर्च ठरला.

तपासाची सुरुवात उजेडाच्या जातीपासून करावी. खऱ्या जगात दगड, बुरशी, जिवाणू आणि रंगलेप निरनिराळ्या कारणांनी उजळतात आणि त्यांचे विझणेही निरनिराळे असते. आपल्या कथेत या जातींची सरमिसळ झाली असेल तर दोष तेथेच सापडतो. फ्लुओराइटसारखे दगड अतिनील किरणांखाली रंग फेकतात आणि किरण थांबताच तत्काळ काळवंडतात. भौतिकशास्त्रज्ञ जॉर्ज स्टोक्स यांनी १८५२ मध्ये या घटनेला ‘फ्लुओरेसन्स’ हे जे नाव दिले ते या खनिजावरूनच घेतलेले आहे. इटलीतील बोलोन्या शहराजवळ सतराव्या शतकाच्या आरंभी विन्चेन्झो काश्यारोलो या चांभाराने तेथील जड बॅराइट दगड कोळशात भाजला, तेव्हा तो दिवसा उन्हात ठेवल्यावर रात्री काही काळ उजळत राहू लागला. हा दगड उजेड साठवतो आणि परत करतो, स्वतः निर्माण करत नाही. जुन्या घड्याळांच्या तबकडीवरील रेडियमचा लेप तिसऱ्या जातीचा. त्यातील रेडियम निम्मे होण्यास सुमारे १६०० वर्षे लागतात, तरीही तो लेप काही वर्षांतच मंदावतो, कारण किरणांच्या माऱ्याने त्यातला उजळणारा झिंक सल्फाइड हा पदार्थ आधी खराब होतो.

चौथी जात सजीवांची, आणि अर्धसजीव खनिजाला तीच लागू पडते. काजवा असो, पावसाळ्यात भीमाशंकरच्या रानात कुजक्या फांद्यांवर उजळणारी बुरशी असो किंवा कोकण किनाऱ्यावर लाटेबरोबर निळसर चमकणारा नॉक्टिलुका हा सूक्ष्म सागरी जीव असो, या सर्वांच्या प्रकाशामागे एका द्रव्याचे ऑक्सिजनशी होणारे संयोग असतात आणि ते द्रव्य पुन्हा तयार करण्यासाठी अन्न खर्ची पडते. रॉबर्ट बॉइल यांनी १६६७ मध्ये उजळणारे कुजके लाकूड काचेच्या भांड्यात ठेवून पंपाने हवा काढून घेतली. उजेड गेला. हवा परत सोडली आणि उजेड परत आला. सजीव प्रकाश म्हणजे नेमके काय हे पुढची दोन शतके कोणालाही सांगता आले नव्हते, पण त्याला हवा लागते हे या एका प्रयोगाने पक्के झाले. माझ्या पाचव्या प्रकरणातली गुहा याच कसोटीवर पडली: तीनशे वर्षे बुजलेल्या गुहेत हवा कोठून आली आणि अन्न कोठून आले, या दोन्ही प्रश्नांना माझ्याकडे उत्तर नव्हते.

दुसरा तपास त्या ‘अर्ध्या’ शब्दाचा. अर्धा दगड आणि अर्धा जीव असे आपण सहज लिहून जातो, पण यातले कोण कोणाचे घर आहे, हे मनात स्पष्ट नसेल तर खडा फुटला, भाजला किंवा वाळला की त्याचे काय होईल हे आपल्याला सांगता येत नाही. येथे निसर्गाने आखून दिलेला नमुना प्रवाळाचा आहे. प्रवाळात कॅल्शियम कार्बोनेटचा सांगाडा हे खनिज, त्यावर बसलेला नाजूक प्राणी हा त्याचा कर्ता, आणि त्या प्राण्याच्या शरीरात राहणारे एकपेशीय शैवाल हे त्याचे बरेचसे अन्न. समुद्र नेहमीपेक्षा तापला की प्राणी शैवाल बाहेर टाकतो, प्रवाळ पांढराफटक पडतो, आणि ही स्थिती लांबली तर प्राणी मरतो. सांगाडा मात्र तसाच उभा राहतो. म्हणजे ‘खडा मेला’ या वाक्याला खरा अर्थ मिळतो: वजन तेच, आकार तोच, फक्त आत कोणी नाही. मला हे समजले त्या दिवशी जागलीबद्दलची निम्मी गुंतागुंत सुटली.

दगडाचा नमुना मात्र मी दख्खनच्या पठारावरून घेतला. बेसाल्टच्या थरांत वायूच्या बुडबुड्यांनी राहिलेल्या पोकळ्यांत पुढे पाण्याने आणलेली खनिजे वाढली. स्टिल्बाइट आणि ह्यूलँडाइटसारखे झिओलाइट तेथेच सापडतात, आणि पुण्याजवळच्या वाघोलीचे गडद निळे कॅव्हान्साइट जगभरच्या संग्राहकांना ठाऊक आहे. झिओलाइटांच्या रचनेत अतिसूक्ष्म पिंजरे असतात, त्यांत पाणी आणि काही क्षार धरून ठेवले जातात आणि तापवल्यावर पाणी बाहेर पडते. स्वीडनचे खनिजशास्त्रज्ञ अ‍ॅक्सेल क्रोनस्टेट यांनी १७५६ मध्ये या गटाला नाव दिले तेच मुळी ‘उकळणारा दगड’ अशा अर्थाचे आहे. पाणी साठवणारा दगड मिळाल्याचा मला फार आनंद झाला, आणि त्याच भरात मी एक नवी चूक केली: त्या पिंजऱ्यांतच जीव राहतो असे लिहून टाकले. हे पिंजरे एका नॅनोमीटरपेक्षाही अरुंद असतात, तर साधा जिवाणू सुमारे हजार नॅनोमीटरचा. पिंजऱ्यात पाणी राहू शकेल, जीव राहू शकणार नाही. त्याला भेगाच हव्यात. म्हणून जागलीच्या खड्याला आता नखाने चाचपता येतील अशा भेगा आहेत, त्यांत बुरशीसारखे तंतू राहतात, आणि भोवतालचा दगड उन्हाळ्यात त्यांना पाणी पुरवतो. आग लागलेल्या घरातून काढलेला खडा विझलेलाच असला पाहिजे, हे यावरून आपोआप ठरले.

तंतू वाढताना दगडाचा पातळ थर घालतात, हीही गोष्ट निसर्गात घडते तशीच ठेवली. ऑस्ट्रेलियातील शार्क उपसागरात सूक्ष्मजीवांनी थरावर थर रचून उभे केलेले स्ट्रोमॅटोलाइट वर्षाला अर्ध्या मिलिमीटरपेक्षाही कमी वाढतात. हा वेग जागलीला लावला तर एका बाजूने वाढणारा पाच सेंटिमीटरचा खडा शंभर वर्षांहून जुना ठरतो. आजीच्या कोनाड्यातला खडा आजीपेक्षा वयाने मोठा आहे हे कळल्यावर चौदाव्या प्रकरणातली हातोडी मला पूर्वीसारखी चालवता येईना.

आता मुख्य तपास, तो जमाखर्चाचा. यासाठी अवघड गणित लागत नाही. मेणबत्तीच्या एका ज्योतीचा प्रकाश सुमारे १२ ल्यूमेन असतो. तेवढाच प्रकाश शुद्ध हिरव्या रंगात द्यायचा तर सुमारे ०.०२२ वॅट पुरतात, म्हणजे वर्षभरात ०.७ मेगाज्यूलच्या आसपास ऊर्जा. आणि वाळल्या लाकडात किलोमागे साधारण १६ मेगाज्यूल असतात. अन्नाचा कण न् कण उजेडात उतरला असता तर वर्षाला पन्नास ग्रॅमपेक्षाही कमी लाकूड पुरले असते. परंतु कोणताही जीव आधी स्वतः जगतो, वाढतो, झीज भरून काढतो आणि मग उरलेले उजेडावर घालवतो. माझ्या जगापुरते मी असे ठरवले की जागल खाल्लेल्यातला शंभरावा भाग उजेडाला देते. तेव्हा एका ज्योतीएवढा उजेड वर्षभर अखंड ठेवायचा तर तिला चार-साडेचार किलो लाकडाएवढे अन्न लागते, आणि तीनशे वर्षांसाठी तेराशे किलोच्या आसपास. बंद गुहेत एवढे अन्न दाखवता आले तर उजेड ठेवावा. दाखवता आले नाही तर उजेड कमी करावा किंवा काळ कमी करावा. चौथी वाट नाही, आणि या ठिकाणी मंत्र आणण्याचा मोह झाल्यास तो कटाक्षाने टाळावा, असे मी कळकळीने सांगेन.

हा हिशेब एकदा कागदावर आला की तो वाचकाला आकड्यांत सांगण्याची मुळीच गरज नसते. तो घरातल्या कामांत दिसला पाहिजे. आता आजी दर पंधरवड्याला खडा कोनाड्यातून काढते, भाताच्या कोमट पेजेच्या वाडग्यात बुडवते आणि वर ओले फडके टाकते. रात्री ती फडके उचलते तेव्हा पेजेवर आलेल्या सायीखालून भेगेची एक हिरवट रेघ आधी उमटते आणि मग हळूहळू तिचे फाटे दिसू लागतात. सकाळी पेज पातळ आणि आंबूस झालेली असते, खड्याला पहिल्या पावसानंतरच्या कुजक्या पानांचा वास येतो, आणि ती पेज कोंबड्यांना घातली जात नाही. दुष्काळाच्या वर्षी घरातली पेज नातीला द्यायची की खड्याला, हा प्रश्न आजीपुढे येतो. जागल काय खाते हे ठरवल्याशिवाय हा प्रसंग मला सुचलाच नसता, आणि आज तो मला पूर्ण कथेतला सर्वांत खरा प्रसंग वाटतो.

नवव्या प्रकरणातील खडा दुसऱ्या रात्री का विझला याचेही उत्तर यातच मिळाले. नात उन्हातून चालत होती, कनवटीला कोरडे सुती कापड होते आणि दोन दिवस खड्याला ना पाणी मिळाले ना पेज. तो मेला नव्हता, त्याने फक्त उजेडाचा खर्च थांबवला होता, कारण भुकेला जीव आधी अनावश्यक खर्च बंद करतो. नदीकाठी तिने तो ओल्या शेवाळात गुंडाळला, तरी तो लगेच उजळला नाही. तिसऱ्या रात्री उजळला. हा तीन रात्रींचा विलंब जपून ठेवावा, कारण बटण दाबल्यासारखे उजळणे हे या दोषाचे सर्वांत सामान्य लक्षण आहे. अपवाद नॉक्टिलुकाचा आहे, कारण पाणी घुसळले की तो क्षणात चमकतो. पण तो तितक्याच क्षणात विझतोही. धक्क्याने चमकणारे खनिज हवे असेल तर त्याचा उजेड क्षणिकच ठेवावा लागेल.

शंभर तुकड्यांचे प्रकरण अधिक मुळाशी जाणारे निघाले. हवाईच्या समुद्रातील एका छोट्या माकूळ माशाच्या पोटाशी उजळणारे जिवाणू राहतात. तेच जिवाणू समुद्राच्या पाण्यात विरळ पसरलेले असताना उजळत नाहीत. माकुळाच्या अवयवात त्यांची दाटी झाली की ते एकमेकांनी सोडलेल्या द्रव्यावरून आपली गर्दी ओळखतात आणि मगच प्रकाश देऊ लागतात. जिवाणूंमधला हा प्रकार दाखवणारा पहिला महत्त्वाचा शोधनिबंध १९७० मधला आहे. पहाट झाली की माकूळ त्यांतील बहुतेक जिवाणू बाहेर सोडून देतो आणि दिवसभरात उरलेल्यांची संख्या पुन्हा वाढते. मी हाच नियम जागलीला लावला: एका मर्यादेपेक्षा लहान तुकड्यात तंतूंची दाटी पुरेशी नसते, म्हणून तो जिवंत असूनही उजळत नाही. त्यामुळे चौदाव्या प्रकरणात गावाला शंभर दिवे मिळत नाहीत. शंभर काळे खडे मिळतात. ज्या घरांनी आपापला खडा वर्षानुवर्षे पेज घालून वाढवला त्यांच्याकडे नातवंडांच्या काळात उजेड येतो, आणि ज्यांनी फसवणूक झाली म्हणून फेकून दिला त्यांच्याकडे येत नाही. प्रकरणाचा शेवट बदलला, आणि गावात दोन तट का पडले याला प्रथमच सबळ कारण मिळाले.

उरले मशालीवाले सैनिक. यात दोष खनिजाचा नसून डोळ्यांचा आहे, आणि हे मला पुस्तकापेक्षा रानाने शिकवले. एका जुलैत भीमाशंकरच्या रानात रात्री गेले होते, तेव्हा विजेरी बंद केल्यावर पहिली काही मिनिटे काळोखाशिवाय काहीही दिसले नाही. पावसाचे थेंब पानांवरून खाली पडत होते आणि माझ्या पायाशीच पडलेली फांदी उजळलेली असूनही मला दिसत नव्हती. पंधरा-वीस मिनिटांनी प्रथम नजरेच्या कडेला एक फिकट पट्टी जाणवली. तिच्याकडे थेट पाहिले की ती नाहीशी व्हायची आणि किंचित बाजूला पाहिले की परत दिसायची. सोबतच्या कोणीतरी मोबाइल उघडला आणि आम्हा सगळ्यांना पुन्हा सुरुवातीपासून थांबावे लागले. डोळ्याला अंधाराची पूर्ण सवय होण्यास साधारण अर्धा तास लागतो, मंद उजेड टिपणाऱ्या पेशी डोळ्याच्या आतल्या पडद्याच्या अगदी मध्यभागी नसतात, आणि त्या पेशींना रंगही कळत नाहीत. म्हणूनच बुरशी पुष्कळदा डोळ्यांना राखाडी-पांढरी दिसते आणि छायाचित्रात हिरवीगार. मशालीच्या उजेडात चालत आलेल्या सैनिकांना गुहेत जागल दिसणेच शक्य नाही. ती दिसते मशाली विझवून दबा धरून बसलेल्या दोन गुराखी मुलांना, आणि त्या रात्रीचा सगळा डाव याच फरकावर उलटतो.

या दुरुस्त्या करताना जगाच्या अर्थव्यवहाराकडेही एकदा पाहून घ्यावे. खनिज मुबलक असेल तर तेलाचा व्यापार आणि रात्रीची भीती दोन्ही कमी होतात. दुर्मीळ असेल तर त्याच्यावर पहारा बसतो. माझ्याकडे वाढीचा वेग संथ असल्यामुळे ते दुर्मीळच राहिले, आणि याबाबत मला वेगळे काही करावे लागले नाही.

सर्वांत अवघड दुरुस्ती पाचव्या प्रकरणाची होती, कारण ते आधीच बाहेर पडले होते आणि ‘तीनशे वर्षे’ हे शब्द मागे घेता येत नव्हते. अशा वेळी नवा नियम लिहिण्यापूर्वी छापलेला मजकूर ओळीओळीने वाचावा आणि त्यात अन्न सापडते का ते पाहावे. रोमानियातील मोविले गुहा १९८६ मध्ये सापडली, तेव्हा तिच्यात सूर्यप्रकाशाशिवाय, जमिनीखालच्या पाण्यातून येणाऱ्या सल्फाइड आणि मिथेनवर जगणाऱ्या जिवाणूंच्या आधाराने पूर्ण जीवसृष्टी नांदत असल्याचे आढळले. माझ्या गुहेत गंधकाचा वास लिहिलेला असता तर हा आधार घेता आला असता. तो नव्हता. पण चौथ्या परिच्छेदात, केवळ वातावरण निर्माण करण्यासाठी, मी एक वाक्य लिहिले होते की जमीन पायाखाली मऊ लागत होती आणि छतात काहीतरी फडफडले. छतात वटवाघळे असतील तर त्यांची विष्ठा पिढ्यान्‌पिढ्या खाली साचत आली असणार. जगातील अनेक गुहांतले बरेचसे जीवन त्याच अन्नावर चालते. मग तीनशे वर्षांचे तेराशे किलो अन्न एका खड्यासाठी सहज मिळते, आणि ओलही मिळते. एकच गोष्ट यातून नव्याने निघाली: वटवाघळे रोज रात्री बाहेर जाऊन परत येत असतील तर ती गुहा कधीच पूर्ण बुजलेली नव्हती, आणि डोंगराच्या पलीकडच्या अंगाला एक भोक असलेच पाहिजे. सोळाव्या प्रकरणात नात त्या भोकापर्यंत पोहोचते.